कोवाचेविचांचे अकरा चमचे

"हा तुमच्याकडचा का हो?" देसांकाने नवऱ्याला स्वयंपाकघराच्या दारात गाठून विचारलं.

"मला वाटलं, तुझ्या माहेरचा."

"माझ्या माहेरी असले बूट कोणी घालत नाही."

रादिसावने मान लांब करून बैठकीत पाहिलं. टेबलाच्या टोकाला साठीचा एक अनोळखी माणूस माशाचे काटे काढत बसला होता. शेगडी रसरसत होती, तरी त्याने अंगातला कोट काढला नव्हता.

संत निकोलाचा दिवस, म्हणजे या घराण्याच्या कुलसंताचा. या दिवशी कोणाला आमंत्रण द्यायचं नसतं आणि आलेल्याला का आलात असं विचारायचं नसतं. हा नियम करणाऱ्याच्या घरी असला पाहुणा कधी आला नसावा.

देसांकाच्या मनात शंकेची पाल दारातच चुकचुकली होती. तो आल्या आल्या तिने उकडलेल्या गव्हाचा गोड प्रसाद पुढे केला होता. त्याने चमचाभर खाल्ला, पण चमचा पाण्याच्या ग्लासात टाकण्याआधी उलटा करून दांड्यावरचा छाप निरखला. मग छातीवर क्रूसाची खूण केली ती डावीकडून उजवीकडे, इथल्यासारखी उजवीकडून डावीकडे नव्हे. म्हणजे साव्हा नदीपलीकडचा, क्रोएशियातला.

चमचे चांदीचे. रादिसावच्या लोहार पणजोबाने ते स्वतः घडवले होते आणि प्रत्येकावर इवलीशी ऐरण उमटवली होती. पेटीत खाचा बारा, चमचे अकरा. देसांका लग्न होऊन आली तेव्हापासून हे असंच होतं. बाराव्या खाचेत ती दोऱ्याचं रीळ ठेवायची.

"पाहुणे, नाव काय म्हणालात?" तिने बटाटे वाढता वाढता विचारलं.

"झ्वोंको. झ्वोंको कोवाचेविच."

घरचंच आडनाव ऐकून टेबलावर हशा पिकला.

"अहो, कोवाचेविच म्हणजे लोहाराची पोरं," रादिसाव म्हणाला. "घोडा आला की लोहार आलाच. तुमच्याकडेही आणि आमच्याकडेही. शेकड्यांनी सापडतील. सगळे काय आमचे भाऊबंद?"

"सगळे नसतील," झ्वोंको म्हणाला. त्याने पावाचा तुकडा मोडला. "ऐरण अजून अक्रोडाखालीच आहे का?"

देसांकाच्या हातातली पळी थबकली. ऐरण मागच्या अंगणात होती. रस्त्यावरून ती दिसत नव्हती.

ज्याची भीती होती तेच झालं. पणजोबाला दोन मुलगे. थोरला मितार धाकट्याशी कडाक्याचं भांडून नदीपलीकडे निघून गेला, तो परत आलाच नाही. रिकाम्या हाताने गेला, असं घरात सगळे सांगत. पण कशावर सहीही करून गेला नव्हता. अर्धं घर आणि अर्धी आलुबुखाराची बाग आजही सरकारी कागदावर त्याच्याच नावावर होती. शेजारच्या गावात मागच्या वर्षी असाच एक चुलतभाऊ उगवला, जेवून गेला आणि वसंतात कोर्टातून अर्धं अंगण घेऊन बसला. देसांकाने या घराच्या भिंती स्वतःच्या हाताने रंगवल्या होत्या. दोन्ही पोरं इथेच झाली. यातली एक वीटही ती सोडणार नव्हती.

"इकडे काही काम काढलंत?" तिने गोड आवाजात विचारलं.

"काम कसलं, वहिनी. वय झालं की वाटतं, आपलं नाव कुठून निघालं ते एकदा बघावं."

वहिनी! एवढ्यात नातं लावूनही मोकळा झाला. देसांकाने त्याच्यावर नजर ठेवली. तो तुळया बघत होता, खिडक्या बघत होता. मोजमापच घेतोय जणू.

जेवणं झाली, गाणी सुरू झाली, आणि तिने पाहिलं तर टेबलाचं टोक रिकामं.

ती धावत मागच्या खोलीत गेली. झ्वोंको कपाटापाशी उभा होता. पुढ्यात चमच्यांची पेटी उघडी. एक हात कोटाच्या खिशात, आणि खिशातून चमच्याचा दांडा डोकावत होता. दांड्यावर ऐरण.

"अहो! इकडे या!" ती ओरडली.

गाणं तुटलं. दारात माणसं गोळा झाली. देसांकाने चमचा हिसकावून सगळ्यांना दाखवला. पुरावा हवा असेल मेल्याला कोर्टात दाखवायला!

झ्वोंकोचा चेहरा लालबुंद झाला. "मी... मी देणारच होतो," तो कसाबसा म्हणाला.

"सगळे चोर हेच म्हणतात," कोणीतरी म्हणालं.

"या दिवशी या घरातून कोणाला हाकललेलं नाही," रादिसाव म्हणाला. "आज पहिल्यांदा हाकलतोय. चालते व्हा."

झ्वोंकोने टोपी घातली. उंबऱ्यावर तो जरा थांबला.

"चमचा घरात राहिला, वहिनी. झालं तर मग."

"बघा, वर तोंड करून बोलतोय!"

फाटक लागल्याचा आवाज आला. देसांकाने चमचा एप्रनच्या खिशात टाकला. घर वाचलं. तिला इतकं हलकं वाटलं की तिने पाहुण्यांबरोबर एक ग्लास वाइनही घेतली.

दिवस कलताना पाहुणे पांगले. ती ग्लासातले उष्टे चमचे विसळायला बसली. एकेक पुसून पेटीत ठेवत गेली. आठ, नऊ, दहा. ग्लासाच्या तळाशी आणखी एक होता. तोही पुसून तिने अकराव्या खाचेत ठेवला.

मग खिशातला चमचा काढला आणि दोऱ्याचं रीळ उचललं.