विंगेतून येईल ते

वस्तीतल्या पोरांना घेऊन सर एक जुनं, गाजलेलं नाटक बसवत होते. एकदा तालमीआधी ते फोनवर कुणाला तरी हसत सांगत होते, "अहो, ही पोरं फोटोपुरती. नाटक यांना बापजन्मी जमायचं नाही!"

राणीचं काम करणाऱ्या इस्त्रीवाल्याच्या लेकीने ते ऐकलं आणि सरळ तोंडावर जाब विचारला. दुसऱ्याच दिवशी मुकुट दुसरीच्या डोक्यावर गेला.

"तोंड फार चालतं ना तुझं? मग विंगेत बसून चालव," म्हणत सरांनी तिला प्रॉम्प्टर केलं.

राजाचं काम सरांनी स्वतःकडेच ठेवलं होतं, पण पाठांतराच्या नावाने शंख! तालमीत रोज अडायचे आणि विंगेतून येईल ते वाक्य, अर्थबिर्थ न बघता, खणखणीत ठोकून द्यायचे.

प्रयोगाला अख्खी वस्ती लोटली. पहिल्या रांगेत पोरांचे बाप धुतलेले शर्ट घालून बसले होते. भर दरबारात राजा अडला आणि त्याचे डोळे विंगेकडे वळले. इस्त्रीवाल्याच्या लेकीने हातातली वही मिटली आणि हळूच वाक्य दिलं.


राजाने छाती फुगवली, समोर हात केला आणि गर्जना केली, "ही पोरं फोटोपुरती! नाटक यांना बापजन्मी जमायचं नाही!"