चौकड्यांचा शर्ट

“बघा, काका. मान फिरवू नका.”

तिने चित्र पुन्हा मागे नेलं. भिंतीवर कारखान्याचं फाटक उजळलं. समोर संपावरच्या कामगारांची गर्दी, आणि कॅमेऱ्याकडे पाठ करून उभा असलेला, चौकड्यांच्या शर्टातला एक जण. त्याने डावा हात वर केला आणि गर्दीत लपलेल्या मास्तरांकडे बोट दाखवलं. पोलीस धावले. संपाचे पुढारी मास्तर त्यानंतर कोठडीतून जिवंत बाहेर आले नाहीत.

तिच्या चित्रपटांत गोष्ट नसायची. जुन्या फिती ती खरवडायची, संथ करायची, एकच क्षण पुन्हा पुन्हा दाखवायची. लोक जांभया द्यायचे. आठवण अशीच चालते, ती ठणकावून सांगायची. पण ही फीत प्रयोगशाळेतून संगणकावर उतरून आली आणि तिचीच झोप उडाली. तसला शर्ट कारखान्यात दोघांकडेच होता. आजीने एका कापडातून दोन्ही मुलांना शिवलेला. एक तिचे बाबा, दुसरे हे डावखुरे काका.

“शर्ट ओळखलात?”

“ओळखला.” काका म्हणाले. “जाळून टाक हे, पोरी.”

“का? अब्रू जाईल म्हणून?” तिचा पारा चढला. “मास्तर गेले त्या धसक्याने बाबांनी अंथरूण धरलं, ते उठलेच नाहीत. आणि तुम्ही त्यांच्या शेजारी बसून खुशाल जेवत होतात!”

“तो जेवायचा नाही गं. मी भरवायचो.”

“नाटकं नकोत! उद्या मास्तरांची मुलगी बघायला येतेय. शेवटी पडद्यावर नाव येणार. आता हात बघा, हात!”

तिने चित्र थांबवलं. काका उठून भिंतीपाशी गेले. त्या वर गेलेल्या हाताकडे बराच वेळ बघत राहिले.

“डावा आहे,” ते हळूच म्हणाले. मग वळले. “माझं नाव टाक. चांगलं मोठ्या अक्षरांत टाक.”

“लाज कशी वाटत नाही तुम्हाला? पुन्हा तोंड दाखवू नका मला!”

काकांनी चपला घातल्या आणि ते निघून गेले.

तिने काकांचं नाव टाईप केलं आणि गर्दीवर कुठे बसवावं ते शोधू लागली. पहिल्या रांगेच्या छातीवर ठसठशीत दिसलं असतं, पण शर्टांचे खिसे मध्ये येत होते.

प्रत्येकाचा खिसा त्याच्या उजव्या छातीवर होता.

असा शर्ट कोण शिवतं? एकाचा असेल, सगळ्या गर्दीचा?

“गाढव लेकाचे!” ती प्रयोगशाळेच्या नावाने करवादली. फीत पालथी घालून उतरवली होती. डाव्याचं उजवं करून ठेवलं होतं. तिने तणतणत चित्र उलटवलं आणि पुन्हा सुरू केलं.

बाबांनी उजवा हात वर केला.