वासवा कुठे गेला?

लुब्वामाने माईक तोंडाशी धरला आणि पुन्हा खाली घेतला. बुगांडातल्या काटवे वस्तीत, आमच्या व्हिडिओ हॉलमध्ये परक्या भाषेतला सिनेमा लागला, की पडद्याशेजारी बसून तो आमच्या लुगांडा भाषेत सांगायचा, हे याचं काम. भाषा येवो न येवो! पण आज लागलेला कार्टूनचा सिनेमा जिने काढला, ती आइनो साक्षात दुसऱ्या बाकावर बसली होती.

तिच्या एस्टोनियात तो आठवड्यात गुंडाळला होता. इथे दर रविवारी लागतो, तरी बाक पुरत नाहीत. असं काय आहे त्यात, हे बघायला म्हातारी एवढ्या लांबून आलेली.

"आज तरी नीट सांग रे बाबा," मालकीण नाकाबुगो कुजबुजली. "बाई उठून 'हे खोटं' म्हणाली, तर आपली अब्रू गेली."

"खरं काय ते मला तरी कुठे ठाऊक आहे, मावशी?"

पडद्यावर एक मुलगी समुद्रात हरवलेल्या भावाला शोधायला होडी घेऊन निघाली. दोघांचे चेहरे सारखे, म्हणून लुब्वामाने त्यांना कधीच जुळं करून टाकलं होतं. भाऊ वासवा आणि बहीण नाकातो, आमच्याकडची जुळ्यांची ठरलेली नावं. वाटेत माशाने तोंड उघडलं, तर यानं त्याला टॅक्सीच्या कंडक्टरसारखं भाडं मागायला लावलं. हॉल खो खो हसला. प्रॉस्कोव्हिया नावाची कॉलेजातली पोर आइनोच्या कानात सगळं इंग्रजीत सांगत होती. आइनो काही हसली नाही.

शेवटी भावाची टोपी तरंगत आली. मग नुसता समुद्र.

"अरे, बोल की मेल्या!" मागून कुणीतरी ओरडलं. "आमचा वासवा कुठाय?"

लुब्वामाने चोरून बाईकडे पाहिलं. पण जुळ्यातलं एक मेलं, असं आमच्या बुगांडात कुणी तोंडातून काढत नाही. ते उडालं म्हणतात.

"वासवा उडाला!" तो माईकमध्ये ओरडला. "वर बघा, वर!"

पडद्याच्या वरच्या कोपऱ्यात एक पांढरा पक्षी होता. अख्खा हॉल उठून टाळ्या पिटायला लागला. काही बाया रडत होत्या.

"तो कोपरा रिकामा दिसत होता," आइनो हळूच म्हणाली, "म्हणून मी तिथे पक्षी काढला. बाकी काही नाही."

प्रॉस्कोव्हियाचा चेहरा उतरला. आता हे लुब्वामाला कोणत्या तोंडाने सांगायचं?

पक्षी पडद्याबाहेर गेला. आइनो उठून उभी राहिली, तशा टाळ्या थांबल्या. पडद्याशेजारच्या कोऱ्या भिंतीकडे ती बराच वेळ बघत राहिली.

"त्याला विचार ना," ती लुब्वामाकडे बोट करून प्रॉस्कोव्हियाला म्हणाली. "पुढे कुठे गेला तो?"