पेवावरचं सील

"अवो, आडतीचं लायसन हाय तुमच्यापशी. मंग कुणाला भ्यायलाव?" कोकिळानं पुन्हा विचारलं.

तिचे यजमान व्यंकटराव नुसते सुपारी कातरत बसले.

तालुक्याहून सप्लाय इन्स्पेक्टर दिनकरराव आले आणि जादा साठ्याचा ठपका ठेवून पेवाच्या झाकणावर सील ठोकून गेले. मेला बोलला तरी किती गोड! जाताना ओसरीवर बसून चहासुद्धा प्याला. तेव्हापासून व्यंकटरावांची धान्याची आडत बंद होती.

आता ते पेव काही एकट्या व्यंकटरावांचं नव्हतं. जमिनीच्या पोटातल्या त्या खोल कोठारात अर्ध्या वालूर गावाची ज्वारी. सुगीत गावानं आणून ओतायची आणि पावसाळ्यात लागेल तशी मागून न्यायची, ही सासऱ्यांच्या वेळेपासूनची रीत. लिहिणं नाही, अंगठा नाही, सगळा कारभार शब्दावर.

आणि पावसाळा तर अर्धा सरला होता. तानुबाई रोज दारात येऊन बसायची. तिचा नवरा गेलेला, रान दुसऱ्याला वाट्यानं दिलेलं.

"मालकीणबाई, लेकरं निस्त्या तरोट्याच्या भाजीवर हायेत," ती म्हणायची. "आमचीच ज्वारी, अन् आमीच उपाशी."

कोकिळा भरलं ताट तसंच सरकवून उठायची. पण व्यंकटरावांचं आपलं एकच.

"सरकारशी भांडून कुणाचं भलं झालंय? दम धर. ज्वारी काय पळून चाललीय का?"

निजामाच्या अमलात मान खाली घालून जगलेला माणूस. निजाम गेला, तरी याच्या अंगातलं भ्याव काही जाईना. तिला कीव यायची आणि रागही यायचा.

शेवटी तिनंच पदर खोचला. हातातल्या पाटल्या मोडल्या, भाऊ किशनरावला बोलावलं आणि वकील गाठला. वकालतनामा गावच्या चार माणसांदेखत नवऱ्यापुढं ठेवला. सही करताना व्यंकटरावांनी टाक दोनदा दौतीत बुडवून परत खाली ठेवला.

"आता काय फासावर चढायलाव का?" ती म्हणाली, तशी माणसं हसली.

सेलूला गाडीत बसून बहीणभाऊ हैदराबादेला गेले. हायकोर्टात जज्जसाहेब काय बोलले ते तिला कळलं नाही. वकिलानं बाहेर येऊन सांगितलं, "बाई, जिंकलात. कायद्यानं धंदा करणाऱ्याच्या आड सरकारी अंमलदाराला मनाला येईल तसं येता येत नाही. सील काढावंच लागतंय." कोकिळा तिथंच पायरीवर बसून रडली.

ती हुकूम घेऊन गावात आली. व्यंकटराव त्या दिवशी जेवले नाहीत. आनंदानं भूक मेली असंल, असं तिला वाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सारं वालूर पोती घेऊन पेवाभोवती जमलं. तानुबाई सगळ्यांत पुढं. दिनकरराव आले, त्यांनी सील फोडलं. कोकिळा त्यांच्याकडं अशी बघत होती की कुणी खाली बघावं! त्यांनी खरंच खाली बघितलं.

गड्यांनी कडेची माती ओढली, दगडी झाकण सरकवलं. बंद पेवातली हवा वाईट. माणूस उतरायच्या आधी दोराला बांधून पेटता कंदील सोडून विझतो का ते बघायचं असतं. भरल्या पेवात तो हातभर खाली गेला की ज्वारीवर टेकतो.

गडी लिंबाजी दोर सोडत गेला. हातभर, पुरुषभर. दोर सुटतच राहिला. माणसं पुढं वाकली. शेवटी कंदील टेकला आणि त्याच्या स्वच्छ उजेडात तळाला अंथरलेला कडबा दिसला.

"अगं आई गं," तानुबाई मटकन खाली बसली.

कोकिळानं नवऱ्याकडं बघितलं. ते भिंतीला टेकून उभे होते. दिनकरराव त्यांच्याजवळ गेले आणि हळूच बोलले, पण ती ऐकण्याइतकी जवळ होती.

"व्यंकटराव, ज्वारी विकून तुम्ही हात जोडलेत म्हणून मी सील लावलं. आता कोर्टापुढं माझं काय चालणार?"