बेवारस गाड्या

“बैलांस्नी नवरदेवागत नटवलंय, आन सवताच्या सदऱ्याला बटन न्हाय,” मायाक्का बैलाचा कासरा धरून पुटपुटली.

तिचा नवरा भीमा शेजारीच उभा होता. त्यानं ऐकलं, पण आज तो रागावणार नव्हता. आज जिंकल्याचा दिवस होता.

सोलापूरच्या कचेरीच्या आवारात, लिंबाखाली, तीन बैलगाड्या उभ्या होत्या. सीना नदीची वाळू चोरून नेल्याच्या संशयावरून होळीच्या आधी जप्त झालेल्या. वाळूच्या जागी आता लिंबाचा पाला साठला होता. काल कोर्टानं निकाल दिला: वाळू गावच्या विहिरीच्या बांधकामाची, गाडीवानांवर गुन्हा नाही, गाड्या मालकांच्या ताब्यात द्याव्यात. म्हणून भीमा, सिदू आणि कुंडलिक पहाटेच बैल घेऊन निघाले होते. शिंगांना हिंगूळ, गळ्यात घुंगुरमाळा. सिदूनं तर हलगीवालाच आणला होता, आणि वाटेत भेटेल त्याला गूळ-खोबरं वाटलं होतं. गाड्यांना ओवाळायला सिदूची आई सोजरबाई आणि कुंडलिकची बायको अंबुबाई ताटं घेऊन आल्या होत्या.

कारकून कागद घेऊन बाहेर आला.

“मालक कोण? अंगठा करा आणि गाड्या न्या.”

हलगी थांबली.

कुणीच पुढं होईना. जप्तीच्या दिवशी पंचांपुढं तिघांनीही एकच सांगितलं होतं: गाडी आमची न्हाय, आमी रोजानं हाकतो. दंड मालकाला बसतो, असं कुंडलिकनं कुठंसं ऐकलं होतं. खाली तिघांचे अंगठे उमटले होते, आणि अगदी स्पष्ट उमटले होते.

“आमीच की सायेब,” सिदू हसून म्हणाला.

“तुम्ही गाडीवान. इथं लिहिलंय तसं. मालकाला बोलवा.”

“मालक... म्हंजी... जरा लांब हाय.”

“किती लांब?”

सिदूनं भीमाकडं पाहिलं, भीमानं कुंडलिककडं, कुंडलिकनं बैलाकडं.

“आज ताबा घेतला नाही तर बेवारस म्हणून लिलाव होईल,” कारकून म्हणाला. आवाजात राग नव्हता; त्याची जेवायची वेळ झाली होती.

गावात ह्याच भीमाच्या तोंडी ‘माझी गाडी’शिवाय दुसरं काही नसे. पारावर बसला की माझी गाडी, पाहुणा आला की माझी गाडी. बहात्तरच्या दुष्काळात नवरा-बायको दोघांनी खडी फोडली. घरातलं पितळ गेलं, मायाक्काच्या हातातले गोठ गेले. गाडीला गिऱ्हाईक दोनदा दारात आलं, आणि दोन्ही वेळा मायाक्का चाकाला टेकून बसून राहिली.

“अवं, सांगा की आता,” ती हळूच म्हणाली.

“खोटं बोललो म्हून आत टाकतील. गप ऱ्हा.” भीमाचे ओठही हलले नाहीत.

“मंग मी सांगू?”

“तू काय सांगतीस?”

“मी कुटं म्हनले गाडी माझी न्हाय म्हून? मला कुनी इचारलंच न्हाय.”

भीमानं तिच्याकडं पाहिलं. लग्नात अंतरपाट दूर झाल्यावर पाहिलं होतं, तसंच.

तिनं कासरा त्याच्या हातात दिला. पदर डोक्यावर घेतला, कमरेला खोचला आणि पायऱ्यांशी जाऊन उभी राहिली. मागं सोजरबाईनं ताट सिदूच्या हातात कोंबलं. “धर. वाकडं करू नगंस, कुंकू सांडंल.” आणि तीही निघाली. अंबुबाईनं नवऱ्याकडं बघितलंसुद्धा नाही. तिघी एकामागं एक, राशनच्या रांगेत उभ्या राहाव्यात तशा उभ्या राहिल्या.

कारकुनानं चष्मा वर केला.

“बाई, बाजूला व्हा. मालकाला बोलू द्या.”

“मालकच बोलतीया,” मायाक्का म्हणाली. “ती मधली गाडी माझी हाय.”