फळ्यावरचं वाक्य

नाताळच्या सकाळी साडेदहाला उल्हासनगरच्या कॅम्प तीनमधल्या जीन्सच्या कारखान्यात शेठनी फळ्यावर लिहिलं, ‘ज्याचं मन मोठं, त्याचं दार उघडं.’ नातीच्या शाळेतल्या नाटकात कंजूष म्हातारा सुधारलेला पाहून ते विरघळले होते. केक वाटत ते शिलाई करणाऱ्या मायाच्या मशीनपाशी आले. ती म्हणाली, “केक राहू द्या, शेठ. आम्हाला आत कोंडून बाहेरून कुलूप लावता, ते थांबवा. दिवाळीत धूर झाला, तेव्हा आम्ही वीसजणी दार बडवत होतो.” “माल चोरीला जातो गं. आज कटकट नको.” “मग फळा पुसा.” शेजारची सगुणाबाई हसली, “पुसा की! फडकं देऊ?” शेठ आत असल्याने दाराच्या बाहेरच्या कडीत कुलूप उघडंच लटकत होतं. मायाने ते काढलं, आपल्या जेवणाच्या डब्यात टाकलं आणि झाकण लावून मशीन सुरू केलं. सहाला सुट्टी झाली, तेव्हा कुलूप डब्यातच होतं आणि दार दिवसभर उघडं राहिलं होतं. शेठ फडकं घेऊन फळ्यापुढे उभे होते.