वॉर्सोतली वीतभर फिल्म

“आई, तू चित्रपटातून कापलेली माणसं कुठे जातात?” मैत्रिणींनी पैज लावली होती, म्हणून बीटचं सूप भुरकता भुरकता मी चित्रपटांची एडिटर असलेल्या आईला बिनधास्त विचारलं. तिचा चमचा थबकला. बाबांनी रेडिओ मोठा केला. “हळू बोल, कार्टे! लष्करी कायदा लागलाय, बाहेर रणगाडे उभे आहेत!” तेवढ्यात दार धडधडलं. आईने खिशातल्या हातमोज्यातून वीतभर फिल्म काढली: संपकऱ्यांना बडवणारे पोलीस. ती चित्रपटातून कापून जाळून टाकायचा तिला हुकूम होता. मी ती वेणीभोवती गुंडाळली, वर रिबीन बांधली. पोलिसांनी आत घुसून कपाटं उपसली. जाताना एकाने वेणी ओढली. “कोणासाठी गं एवढी नटलीस?” मी हसले. “उद्या वर्गाचा फोटो आहे, काका!” दार लागलं. मी रिबीन सोडली आणि फिल्म आईच्या हातात दिली. “आई, बाबा, मी वूच शहरातल्या फिल्म-शाळेत जाणार. कापलेलं परत जोडायला शिकणार.”